नसलेल्या मुलाला आलेलं स्थळ

माझ्या पप्पांनी सगळी नोकरी भिवंडीत पत्रं वाटण्यात काढली. निवृत्त झाल्यावर दुपारचं काय करायचं, हे त्यांना कळेना. ते जेवून उठायचे, चप्पल घालायचे, दारापर्यंत जायचे आणि परत यायचे. अशाच एका दुपारी मी त्यांना म्हटलं, थोडा वेळ तुमचा चेहरा द्या.

मी लग्नाच्या व्हिडिओंचं एडिटिंग करते. घराच्या मागच्या खोलीत कॉम्प्युटर आहे, तिथे बसून मी नवरीचा रंग उजळवते, नवरदेवाच्या गालावरचा फोड काढून टाकते, आणि पंगतीत तोंड उघडं असताना सापडलेल्या काका-मामांना हळूच कापते. त्यातून वेळ उरला की माझं स्वतःचं काम. मुंबईला आर्ट कॉलेजात पेंटिंग शिकले होते, पण मला हलणाऱ्या चेहऱ्याचं वेड लागलं ते लागलंच. माणसाला कॅमेऱ्यासमोर नुसतं बसवायचं, आणि मग कॉम्प्युटरवर त्याचा चेहरा इतक्या हळू बदलायचा, की बघणाऱ्याला तो नक्की कुठे बदलला ते सांगता येऊ नये. माझे दोन-तीन व्हिडिओ मुंबईत लहानशा प्रदर्शनांत दाखवलेही होते. घरी मात्र हे काय आहे ते मला कधी समजावता आलं नाही. शेजारणींनी विचारलं की आई सांगायची, "ती तोंडं बिघडवते."

पप्पा स्वयंपाकघरातल्या खुर्चीत खिडकीकडे तोंड करून बसले. बोलायचं नाही, हसायचं नाही, पापण्या लवल्या तर चालेल, असं मी सांगितलं. मनात काय आणू, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, काहीही. नंतर त्यांनी सांगितलं की तेवढ्या वेळात त्यांनी मनातल्या मनात तीन बत्तीपासून मंडईपर्यंतचं सगळं टपाल वाटून टाकलं होतं.

पप्पांचं झाल्यावर मी शेजारच्या खालाला बसवलं, तिच्या मुलांचे कापडाचे लूम आहेत. मग आमच्या गल्लीतला टेलर. मग लूमवरचा एक कामगार, जो शिफ्ट संपवून आला होता आणि उघड्या डोळ्यांनी जवळजवळ झोपला. मावशी खारबावला राहते, ती गुडघे दाखवायला गावातून आली होती, तिलाही सोडलं नाही. शेवटी जवळच्या पूर्णा गावचे शेठ. हे शेतकरी घरातले. भाताची खाचरं होती तिथे आता त्यांची गोदामं उभी आहेत. त्यांच्या मुलीच्या हळदीचा व्हिडिओ मी एडिट केला होता, ती ओळख. एक भाडेकरू निघून गेल्यामुळे त्यांचं एक गोदाम रिकामं पडलं होतं. तिथल्या भिंतीवर माझा व्हिडिओ दाखवू द्याल का, असं मी विचारलं. ते लगेच हो म्हणाले, पण एका अटीवर.

"माजा पन तोंड घे. आनि नाक बरोबर दाखव, बाकी काय बी कर."

मी गॉगल काढायला सांगितला. गळ्यातली साखळी कॅमेऱ्यात येणार नाही, हेही सांगितलं. ते म्हणाले, असू दे.

व्हिडिओ साधा होता. सुरुवातीला पप्पांचा चेहरा, मग हळूहळू त्यात खालाची भुवई, टेलरचा कान, शेठचं नाक, मावशीची हनुवटी असं एकेक येत जातं, आणि शेवटी सगळे एकमेकांत मिसळून एकच चेहरा उरतो. तो कोणाचाच नाही. मला वाटलं होतं काहीतरी भयंकर निघेल. त्यासाठी तर मी वर्षभर खपले होते. पण चेहरे एकावर एक चढले की प्रत्येकाचे डाग, सुरकुत्या आणि वाकडेपणा पुसला जातो. निघाला तो तिशीतला, सरळ नाकाचा, शांत डोळ्यांचा एक देखणा मुलगा. मला खरं तर वाईट वाटलं. इतका जीव लावून हातात काय आलं, तर जाहिरातीतला जावई. एकच गोष्ट त्याच्यात माझ्या मनासारखी होती. रेकॉर्डिंग संपता संपता प्रत्येकाने "झालं का?" विचारायला तोंड उघडलं होतं, आणि मी तिथेच कापलं होतं. त्यामुळे अगदी शेवटी तो मुलगाही ओठ उघडायचा, काही बोलणार असं वाटायचं, आणि अंधार.

मुंबईच्या एका गॅलरीतून दोघं बघायला येणार होते. त्यांच्यासाठीच तर सगळा घाट घातला होता. संध्याकाळी त्यांचा फोन आला की ते कशेळीच्या पुलापर्यंत पोहोचलेत. बऱ्याच वेळाने पुन्हा फोन आला, ते कशेळीलाच ट्रॅफिकमध्ये अडकले होते. तिसऱ्या फोनवर त्यांनी सांगितलं, पुढे सरकण्यापेक्षा गाडी वळवणं सोपं आहे, तेव्हा ते परत निघालेत.

म्हणून माझा व्हिडिओ आमच्याच लोकांनी पाहिला. घरचे, गल्लीतले, शेठ आणि त्यांच्याबरोबर अर्धं पूर्णा, गोदामाचे वॉचमन, आणि बाहेर ट्रक लावून बसलेले ड्रायव्हर. भिंत तीन मजली उंच होती. शेठचं नाक जेव्हा त्या भिंतीवर उमटलं, तेव्हा त्यांच्या गावकऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. टेलरने स्वतःचा कान ओळखला आणि बायकोला बोट करून दाखवला. शेवटचा चेहरा आला तेव्हा मात्र सगळे एकमेकांकडे बघायला लागले. खालाने पप्पांना हळू आवाजात विचारलं की हा मुलगा कोणाचा. पप्पा म्हणाले, "थोडा मेरा, थोडा आपका."

मावशीने तोपर्यंत मोबाइल काढून भिंतीचा फोटो घेतला होता.

"पोरगा चांगला हाय," ती म्हणाली. "हनुवट बघ, घरंदाज वाटते."

ती हनुवटी तुझीच आहे, असं मी सांगितलं. तिने आपली हनुवटी चाचपून पाहिली, पुन्हा भिंतीकडे पाहिलं, मग घरातलाच आहे म्हणायचा, असं पुटपुटली आणि फोटो पुढे पाठवला. मावशीने आजवर बरीच लग्नं जमवली आहेत. तिच्या मोबाइलवर सगळ्या तालुक्यातली मुलं-मुली आहेत. ती गंमत करतेय असं मला वाटलं.

पुढच्या आठवड्यात पप्पांना फोन आला. खारबावचे एक निवृत्त शिक्षक बोलत होते. मावशीकडून फोटो मिळाला, मुलगा पसंत आहे, आमची मुलगी पदवीधर आहे, पूर्ण्याकडे एका मोठ्या गोदामात ऑफिसात नोकरी करते, आपली हरकत नसेल तर येऊन भेटावं म्हणतो. आम्हा बौद्धांत पत्रिका बघत नाहीत. फोटो, शिक्षण, नोकरी आणि घरची माणसं, यावर ठरतं. त्यातलं पहिलं त्यांच्याकडे पोहोचलेलं होतं.

फोन ठेवल्यावर पप्पा म्हणाले, "रविवारी येतायत."

मी विचारलं, तुम्ही त्यांना सांगितलं नाही का? पप्पा ओशाळले. समोरचा माणूस इतक्या आदराने बोलत होता, की मुलगाच नाही हे त्यांना तोंडावर सांगवेना. आले की बघून त्यांच्या लक्षात येईल, असं त्यांचं म्हणणं होतं. मी मावशीला फोन लावला. तिने सांगितलं की आता शब्द गेलेला आहे आणि खारबावात तिला राहायचं आहे.

रविवारी सकाळपासून आईने घर आवरायला घेतलं. नवीन चादर घातली, पोह्यांची तयारी केली, आणि मग मागच्या खोलीत येऊन मला विचारलं की त्याला काय घालायचं. मी म्हटलं, आई, त्याला धड नाहीये, नुसता चेहरा आहे. ती जरा विचारात पडली. मग म्हणाली, "हे आधी सांगू नकोस त्यांना."

पाहुणे यायच्या आधीच मुलाकडची मंडळी जमायला लागली. त्यांना कोणी बोलावलं नव्हतं. मावशीने प्रत्येकाला कळवलं होतं, आणि ज्याचा ज्याचा भाग त्या चेहऱ्यात होता, त्याला आपण गेलंच पाहिजे असं वाटलं. खाला मिठाईचं ताट घेऊन आली. टेलर स्वतः शिवलेला सफारी घालून आला. लूमवरच्या कामगाराची ड्युटी होती, त्याने निरोप पाठवला की जे ठरेल ते त्याला मान्य आहे. शेठ मोठ्या गाडीतून आले आणि गाडी गल्लीत शिरेना म्हणून नाक्यावर लावून चालत आले.

मग खारबावचे गुरुजी आले. पत्नी, धाकटा भाऊ आणि मुलगी असे चौघं. गुरुजी उंच, पांढरा शर्ट, बोलणं एकदम स्वच्छ. मुलगी तिशी ओलांडलेली, साधा कुर्ता, कुठेही लाजणं नाही. दाराशी चप्पल काढताना तिने आमच्याकडच्या त्या गर्दीवर एक नजर टाकली आणि ओठ घट्ट मिटून घेतले. हसू दाबतेय, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं.

पाणी झालं. गुरुजींनी सगळीकडे पाहिलं आणि मुलाचे वडील कोण, असं विचारलं.

पप्पा अर्धवट उठले. "मी. म्हणजे... डोळ्यांपुरता."

"नाक माजा," शेठ म्हणाले.

गुरुजींनी दोघांनाही नमस्कार केला. मुलगा कुठे आहे, हा त्यांचा पुढचा प्रश्न अगदी वाजवी होता. पप्पांनी माझ्याकडे पाहिलं. मी मोठा स्क्रीन उचलून पुढच्या खोलीत आणला, टेबलावर ठेवला आणि व्हिडिओ सुरू केला. व्हिडिओ आठेक मिनिटांचा होता. स्क्रीनवर पप्पांचा चेहरा बदलत बदलत तो मुलगा झाला, त्याने ओठ उघडले, अंधार झाला. आता तरी कळेल, म्हणून मी गुरुजींच्या तोंडाकडे बघत बसले.

गुरुजींनी चष्मा पुसला. "शांत वाटतो," ते म्हणाले. "समाज कोणता?"

पप्पा म्हणाले, "सगळेच आहेत."

धाकटा भाऊ गुरुजींच्या कानाशी लागला, म्हणजे आंतरजातीय. गुरुजी म्हणाले, त्याला आमची हरकत नाही.

मला राहवेना. मी स्पष्ट सांगून टाकलं, काका, हा मुलगा नाहीच. या सगळ्यांचे चेहरे घेऊन मी तो कॉम्प्युटरवर तयार केलाय. तो कुठेही राहत नाही. मग धाकट्या भावाने सहानुभूतीने विचारलं, "सौदीला असतो का?" मी नाही म्हटलं. त्यांना वाटलं, काहीतरी लपवतोय आम्ही, बहुतेक आधीचं एखादं लग्न. ते तसं विचारूही लागले. त्यावर शेठना राग आला. आमचा पोरगा तसा न्हाय, असं त्यांनी ठणकावून सांगितलं. नोकरीचं म्हणाल तर आपल्या गोदामात त्याला सुपरवायझर म्हणून लावतो, उद्यापासून. गुरुजींचा चेहरा थोडा सैल झाला. खालानेही भर घातली की लडका किसी से ऊँची आवाज़ में बात नहीं करता. हे खरंच होतं.

मी पोह्यांच्या बशा हातात घेऊन उभी होते, आणि एक विचित्र भावना मनात यायला लागली. माझी चाळिशी जवळ आली आहे. मला स्थळं येणं कधीच बंद झालंय आणि मलाही त्याचं फारसं काही वाटत नाही. पण माझ्यासाठी कधी टेलरने सफारी घातला नव्हता. सगळा गाव एका नसलेल्या माणसाची बाजू घेऊन भांडत होता आणि तो मीच बनवलेला होता. मला त्याचा हेवा वाटला, आणि अभिमानही वाटला.

ती मंडळी मूर्ख नव्हती, हे मला सांगायला हवं. मला वाटतं, तोपर्यंत ते सगळ्यांच्या लक्षात आलेलं होतं. पण गुरुजींनी गावात सांगितलं होतं, त्यांच्या पत्नीने माहेरी कळवलं होतं, मावशीने शब्द दिला होता. आता नकार द्यायचा तर कोणी द्यायचा, आणि काय कारण सांगून? मुलगा अस्तित्वात नाही, हे कारण दोन्ही बाजूंना अपमानाचं वाटत होतं. म्हणून बोलणी पुढे सरकतच राहिली. शेवटी मावशी म्हणाली, मोठ्यांचं पुष्कळ झालं, आता मुला-मुलीला दोघांना बोलू दे.

सगळ्यांनी माना हलवल्या. मी स्क्रीन पुन्हा मागच्या खोलीत नेला. मुलगी मागून आली. मी दार लोटून घ्यायला निघाले, तर ती म्हणाली, "तुम्ही थांबा, मला हे चालवता येणार नाही."

दार लागल्याबरोबर ती हसायला लागली. ओढणी तोंडात धरून, आवाज बाहेर जाऊ न देता, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. मग खुर्चीत बसली आणि व्हिडिओ शेवटच्या चेहऱ्यावर थांबवायला सांगितला. बराच वेळ बघत राहिली. तिचं काम गोदामात परत आलेल्या पार्सलांचं आहे, असं तिने सांगितलं. लोक वस्तू परत करताना कारण लिहितात, आणि सगळ्यात जास्त कारण एकच असतं, फोटोत वेगळं दिसत होतं.

"हा तरी फोटोसारखाच आहे," ती म्हणाली.

तिला लग्न करायचंच नव्हतं असं नाही. पण एकेका स्थळानंतर वडील दोन-दोन दिवस गप्प होतात, ते तिला बघवत नव्हतं. नकार आपण दिला तरी त्यांना लागतो आणि तिकडून आला तरी लागतो. मी तिला म्हटलं, यात चूक आमची आहे, मी बाहेर जाऊन माफी मागते. तिने मान हलवली. ती अजून स्क्रीनकडेच बघत होती.

"ह्याच्यात अजून कोणाला घालता येतं का?"

"येतं."

"मग मला घाला."

मला कळेना. ती म्हणाली, अहो, मी त्याच्यात गेले की तो माझा नातेवाईक झाला ना. मग लग्न कसं होईल? आणि नकारही कोणी दिला नाही.

मी कॅमेरा काढला. तिला खिडकीसमोर बसवलं, जसं सगळ्यांना बसवलं होतं. तिने सरळ समोर पाहिलं. बाहेर हॉल कुठला घ्यायचा यावर बोलणं पोहोचलं होतं, शेठचा आवाज दारातून येत होता. रेकॉर्डिंग संपता संपता तिने तोंड उघडलं, तिथे मी कापलं. मग तिचा चेहरा बाकीच्यांत मिसळायला बसले. घाईत केलेलं काम होतं. त्या मुलाची एक भुवई वर गेली, गाल भरले, जबडा थोडा लहान झाला. पहिल्याइतका देखणा राहिला नाही. आताच कोणीतरी काहीतरी सांगितलंय आणि त्याला ते पटलेलं नाही, असा दिसायला लागला. मला तो पहिल्यांदाच आवडला.

आम्ही स्क्रीन घेऊन बाहेर गेलो. मी नवीन चेहरा लावला. गुरुजींच्या पत्नीने पटकन मुलीकडे पाहिलं.

"हिच्यासारखा दिसतो," त्या म्हणाल्या.

मुलगी वडिलांच्या शेजारी जाऊन बसली. "पप्पा, तो माझा भाऊ लागतो."

गुरुजींनी स्क्रीनकडे पाहिलं, मुलीकडे पाहिलं, पुन्हा स्क्रीनकडे. शेवटी शेठनी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले.

"मग न्हाय जमत," ते म्हणाले.

"भाई-बहन हैं," खाला म्हणाली. "फिर तो सवाल ही नहीं."

खोलीतला प्रत्येक माणूस सैल झाला. मावशीने मोबाइल पिशवीत टाकला. आईने चहाचं आधण पुन्हा ठेवलं, आणि यावेळी सगळे मोठ्याने बोलायला लागले. गुरुजींचा भाऊ टेलरला सफारीचं कापड कुठून घेतलं ते विचारत होता. गुरुजींच्या पत्नीने मुलासाठी नारळ आणि पेढे आणले होते. ते आता कोणाला द्यायचे, असा त्यांना प्रश्न पडला. त्यांनी ते आईच्या हातात दिले आणि म्हणाल्या, त्याच्या वाटणीचे ठेवा.

मावशीने फोटो काढून टाकला, पण तो पुढे गेलेलाच होता. काही महिने नाशिकहून, अकोल्याहून फोन येत राहिले. मावशीने त्यांच्यासाठी उत्तर तयार ठेवलं होतं. ती सांगायची की त्याची मोठी बहीण, म्हणजे मी, अजून लग्नाची आहे, आधी तिचं होऊ दे. ऐकणारे समजूतदारपणे फोन ठेवायचे.

मुलगी मधूनमधून सुट्टीच्या दिवशी आमच्याकडे येते. तिच्या ऑफिसातल्या काही जणींना तिने माझ्या कॅमेऱ्यासमोर आणून बसवलं, त्यातून दुसरं काम सुरू झालं. तिचं लग्न अजून ठरलेलं नाही. त्याबद्दल ती बोलत नाही आणि मी विचारत नाही.

आणि मग एका दुपारी गुरुजी एकटेच आले. बँकेत पेन्शनचं काम होतं, म्हणाले, इतक्या जवळ आलो म्हणून डोकावलो. पप्पांनी त्यांना मागच्या खोलीत आणलं. मी व्हिडिओ लावला. त्यांनी तो पूर्ण पाहिला, मग पुन्हा एकदा लावायला सांगितला. संपल्यावर ते माझ्याकडे वळले. मला वाटलं, त्या रविवारचा राग आता बाहेर येणार.

ते म्हणाले, "हा माझ्या मुलीचा भाऊ. म्हणजे माझा मुलगा. मग यात माझं काहीच कसं नाही?"

त्यांनी ते रागाने विचारलं नव्हतं, हक्काने विचारलं होतं. मी त्यांना खुर्चीत बसवलं. त्यांनी खिशातून कंगवा काढून केस विंचरले, शर्टाचं वरचं बटण लावलं आणि एखाद्या इन्स्पेक्शनला बसावं तसे ताठ बसले. रेकॉर्डिंग झाल्यावर ते आणि पप्पा माझ्या मागे उभे राहून मी काय करते ते बघत होते. कपाळ त्यांचं घेतलं. मुलगा एकदम चार वर्षांनी मोठा दिसायला लागला. पप्पांनी विचारलं, माझे डोळे आहेत ना अजून? आहेत, म्हटलं. तो व्हिडिओ गुरुजींनी आपल्या मोबाइलवर मागून घेतला.

पप्पा त्यांना स्कूटरवरून भिवंडी रोड स्टेशनवर सोडायला गेले ते संध्याकाळ झाली तरी परत येईनात. आई काळजीत पडली. आले तेव्हा ते जरा चिडलेले होते. खारबावची गाडी नुकतीच गेली होती, पुढची यायला पुष्कळ वेळ होता, म्हणून दोघं प्लॅटफॉर्मवरच बाकावर बोलत बसले होते. मी विचारलं, इतकं काय बोलत होतात?

"त्याचंच," पप्पा म्हणाले. "गुरुजी म्हणतात, त्याला पुढे शिकू द्या. मी म्हणतो, नोकरीला लावू या. काही केल्या ऐकत नाहीत."